सासरच्या अंगणातला झोका

मळ्यातलं घर, दोंडाईचा
२ मार्च २०२५

कामिनी,

आशीर्वाद शेवटी. हे पत्र वाचून तू काय करतेस, त्यावर ते द्यायचे की नाही ते ठरवेन.

पत्र बघून हसशील, काकू कुठल्या जमान्यात राहते म्हणशील. अगं, या घरात फोन एकच, आणि तो तुझ्या काकांच्या खिशात. मी कुणाशी बोलायला घेतला की ते स्पीकर लावतात. "मले बी ऐकू दे ना!" प्रेमानं हं. आमच्याकडे सगळं प्रेमानंच चालतं, तूच दाखवलंस ना जगाला. म्हणून हा कागद. अंगणवाडीच्या प्रमिलाबाई टपालात टाकतील. उत्तर पाठवलंस तर त्यांच्याच पत्त्यावर पाठव, पाकिटाच्या मागे लिहिलाय.

काम सांगते. आखाजी आली जवळ, एप्रिलच्या शेवटी आहे. मला यंदा धरणगावला जायचंय, मायकडे. एवढंच काम.

तू पुण्याची. लहानपणी सुट्टीत इथे यायचीस तेव्हा आखाजी बहुतेक उलटून गेलेली असायची, आणि तुझं सगळं लक्ष आंब्यांच्या अढीत. म्हणून समजावून सांगते. आपल्या खान्देशात दिवाळीला लेक नाही आली तरी चालतं, आखाजीला ती माहेरी लागते म्हणजे लागतेच. केस पांढरे झाले तरी जाते. चार दिवस चुलीपुढं जायचं नाही, रस खायचा, मैत्रिणींबरोबर गौराईची गाणी म्हणायची नि निंबाखाली झोका खेळायचा. लग्न झाल्यापासून मला ते मिळालेलं नाही. आता माझा कुंदन चाकणला नोकरीला लागून तीन वर्षं झाली, त्यावरून तूच हिशेब कर.

माझी माय, भागाबाई, दरसाल अंगणातल्या निंबाला झोका बांधते. मी येत नाही, गल्लीतल्या पोरी खेळतात. हेमराज, माझा भाऊ, सुरतेला गेला तेव्हापासून ती एकटी आहे. एका डोळ्यानं दिसत नाही. यंदा म्हणाली, "रत्ना, फांदीपर्यंत हात पोचत नही आते." स्पीकरवर म्हणाली. तुझे काका शेजारी बसून चुकचुकले. "माय ले आठे लई येवूत ना," म्हणाले. लेकीच्या सासरी येऊन राहणारी बाई नाही ती, हे त्यांना पक्कं ठाऊक आहे.

तू म्हणशील, मग जा ना, कुणी बांधून ठेवलंय? हाच प्रश्न मी वीसेक वर्षं स्वतःला विचारते. बांधलेलं काहीच नाही गं. हात उगारत नाहीत, शिवी देत नाहीत, दारूला शिवत नाहीत. फक्त जेवत नाहीत. माझे वडील वारले तेव्हा मी धरणगावला होते. तिसऱ्या दिवशी तुझे काका पहिल्या गाडीनं आले आणि आमच्या ओट्यावर बसले. तोंड उतरलेलं, दाढी वाढलेली. पाणीसुद्धा घेईनात. "तुनाबिगर घास उतरस नही." सगळी गल्ली जमली. बायका डोळे पुसायला लागल्या, आणि ते माझ्या वडिलांसाठी नव्हतं. हेमराजनं दहाव्याच्या आधी मला त्यांच्याबरोबर लावून दिलं. माझ्या बापाच्या दहाव्याला मी इथे बसून त्यांना भाकरी वाढत होते.

तेच वाक्य तू तुझ्या फिल्मच्या पोस्टरवर घातलंस. 'जोडीचा घास', आणि खाली त्यांचं वाक्य, मोठ्या अक्षरात. आता हे वाक्य माझ्या दाराला कुलूप लावल्यासारखं लावलंय, आणि गावोगावचे लोक त्याला हार घालतात.

तर युक्ती अशी. तुझ्या कॅमेऱ्यापुढे ते कशालाच नाही म्हणत नाहीत. तू त्यांना सांग, की फिल्मचा थोडा भाग राहिलाय, काकूंचं माहेर दाखवायचंय, आखाजीचे चार दिवस काकू एकट्याच लागतील. खोटंच सांग. येऊ नकोस, नुसता फोन कर. गोठ्यात उभं करून, ब्लाउजमध्ये माईक खोचून मला बोलतं केलं होतंस, आणि मी भडाभडा बोलले होते, "मला मायकडे जायचंय" म्हणून. ते तू कापलंस. सूर बिघडतो म्हणालीस. बरं, कापलं ते कापलं. त्याच्या बदल्यात एवढं कर.

रत्नाकाकू

०

मळ्यातलं घर, दोंडाईचा
२३ मार्च

कामिनी,

शाबास! तुझ्यासारखी हुशार पोर अख्ख्या खान्देशात सापडायची नाही.

मी तुला काय सांगितलं, आणि तू काय केलंस? परवा जेवताना फोन वाजला, नेहमीप्रमाणे स्पीकर. "काका, काकूचं पत्र आलं! किती गोड! तिला आखाजीला माहेरी जायचंय. मी म्हटलं, फिल्मचा पुढचा भाग तिथेच करू या. तुम्ही दोघं एकत्र माहेरी जाताय, लोकांना फार आवडेल." हातातला घास माझ्या हातातच राहिला. पत्र म्हणजे काय असतं गं? पाकीट चिकटवलेलं कशाला असतं? शिकलीस ना तू कॉलेजात?

त्यांनी फोन ठेवला. माझ्याकडे बघितलं. ओरडले असते तर मीही ओरडले असते, मला येतं ओरडता. ते म्हणाले, "चोरीनी पत्र लिखं? मन्हासंगे नही बोलता उनं?" आणि ताट सारून उठले. रात्री जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशीही नाही. मळ्यात कपाशीच्या पऱ्हाट्या उपटायला आलेल्या बायकांसमोर बांधावर जाऊन बसले, पोटावर हात धरून. त्या बायका मला म्हणतात, "वहिनी, असा नवरा आम्हाला स्वप्नातही मिळत नाही, आणि तुम्ही त्याला उपाशी ठेवता?"

मग कुंदनचा फोन. माझाच पोरगा. "आई, पप्पा किती प्रेम करतात तुझ्यावर. ऑफिसात सगळ्यांनी फिल्म पाहिली. माझे मित्र म्हणतात, तुझ्या आईचं नशीब. तू असं का करतेस?" मी काय सांगू त्याला? स्पीकर चालू, तुझे काका समोर, डोळ्यांत पाणी. म्हटलं, काही नाही रे, उगाच. तुला सांगते, त्या एका 'उगाच'वर मी इतकी वर्षं काढली.

प्रमिलाबाईंच्या घरीही जाऊन आले. हात जोडले म्हणे. "बाई, आमना नवरा-बायकोना मधमा टपाल कसाले?" त्या घाबरणाऱ्यातल्या नाहीत म्हणून बरं. मला म्हणाल्या, "आता पत्र भाकरीच्या फडक्यात गुंडाळून द्या." म्हणून या कागदाला पीठ लागलंय.

आता ठरलंय ते असं. आखाजीला आम्ही जोडीनं धरणगावला जाणार, तू कॅमेरा घेऊन येणार. सकाळच्या पॅसेंजरनं जायचं, संध्याकाळच्या गाडीनं परत. जावई घरी आला म्हणजे मी तिथेही चुलीपुढंच. माय बिचारी एका डोळ्यानं चाचपडत जावयाचे पाय धुवायला पाणी आणणार, तू ते टिपणार, आणि पुण्यातल्या बायका रडणार.

या घरातून गाडीची शिट्टी ऐकू येते, तुला आठवत असेल. लहानपणी तू धावत बांधावर जायचीस. त्याच रुळावर धरणगाव आहे. गाडी बदलावी लागत नाही. शिंदखेडा, नरडाणा, अमळनेर, मग आलंच. रोज दोनदा ऐकते. तुला शाप द्यावासा वाटतो, पण लहानपणी तुझ्या डोक्यातल्या उवा काढल्यात मी, शाप लागायचा नाही.

काकू

०

मळ्यातलं घर, दोंडाईचा
९ एप्रिल

कामिनी,

तू प्रमिलाबाईंकडे पाठवलेली चिठ्ठी मिळाली. 'काकू, मला माहीत नव्हतं, मी काकांना समजावू का?' नको, माझ्या बाई! तू समजावलंस की माझा एक दरवाजा आणखी बंद होतो. गप्प बस, आणि आता मी सांगते ते ऐक.

परवा देवपूरला गेलो होतो, धुळ्याला. तिथल्या एका मंडळानं 'आदर्श जोडपी' म्हणून सत्कार ठेवला होता. आधी तुझी फिल्म, मग शाल-नारळ. आता हे नेहमीचंच झालंय. फिल्म आल्यापासून मी जितकी फिरले तितकी लग्न झाल्यापासून फिरले नव्हते. पण जिथे नेतात तिथे खुर्ची शेजारी, आणि हात हातात. टाळ्या वाजतात तेव्हा ते हात जरा दाबतात. तुझे काका आता सराईत झालेत. गाडीत मला म्हणतात, "खिडकीनाकडे बस, लाईट चांगला शे." तूच शिकवलंस.

या वेळी बेबाअक्काही आल्या होत्या. तुझी बेबाआत्या गं, काकांची थोरली बहीण. त्या देवपूरलाच दिलेल्या. पहिल्यांदाच अख्खी फिल्म बघत होत्या, कारण मागे गावात शाळेच्या भिंतीवर दाखवली तेव्हा आल्या नव्हत्या. का आल्या नव्हत्या ते तुला ठाऊक नाही. मला ठाऊक आहे. रुसल्या होत्या.

तुझी ती सगळ्यांना आवडणारी जागा आठव. आखाजीचा दिवस, अंगणातला निंब, झोक्यावर मी, आणि मागून तुझे काका हलकेच झोका देतायत. पुण्याच्या पेपरात त्याचाच फोटो आला होता. तो झोका कुणाचा होता, कामिनी? तुला वाटलं काकांनी माझ्यासाठी बांधला. तो अक्कांचा होता. हे त्यांचं माहेर. त्या दरसाल आखाजीला येतात, त्यांच्यासाठी मी आदल्या दिवशी दोर धुऊन निंबाला बांधते, गोधडी घालते. त्या झोक्यावर बसतात आणि मी आत खापरावर पुरणपोळ्या टाकते. तू त्या दिवशी आलीस, आणि म्हणालीस, "आत्या, जरा उतरता का? काकूंना बसवू या." मला चुलीपुढून उठवलंस. पिठाचे हात होते माझे. अक्का उतरल्या आणि भिंतीशी जाऊन उभ्या राहिल्या. तू म्हणालीस, "काकू, नैसर्गिक वागा."

आता खरं सांगते, तुला नाही तर कुणाला सांगणार. झोका सुटला तेव्हा पहिल्या हेलकाव्याला मला इतकं बरं वाटलं! माहेरच्या निंबाखालीच आहे असं वाटलं. मग पाठीवर त्यांचा हात लागला आणि मी पाय जमिनीला टेकवले. तू म्हणालीस, "काकू, पाय वर घ्या." मी घेतले नाहीत. तुला वाटलं लाजते. तुझा राग येतो तो त्या पहिल्या हेलकाव्यासाठी.

तर देवपूरच्या हॉलमध्ये ती जागा आली. पुण्यात त्या जागेवर म्हणे टाळ्या पडतात. इथे पडल्या नाहीत. पुढच्या दोन रांगा सगळ्या बायका होत्या, शिरपूरच्या, साक्रीच्या, धुळ्याच्याच. मी त्यांच्या पाठी बघत होते. एकीनं दुसरीकडे मान वळवली. कुजबुज झाली. आणि अक्का बसल्या जागेवरून, माईक नाही, काही नाही, सरळ मोठ्यानं बोलल्या:

"आखाजीले हाई सासरमा काय करी राहिनी? हिले माहेर नही शे का?"

कामिनी, कळलं का तुला? तुला नसेल कळलं. आखाजीला सासरच्या अंगणात झोक्यावर बसलेली बाई म्हणजे काय, हे पुण्याला दिसत नाही. आमच्याकडे शेंबड्या पोरीलाही दिसतं. माहेरी धाडली नाही, एवढाच त्याचा अर्थ. गोठ्यातलं माझं बोलणं तू कापलंस, पण हे तू स्वतःच्या हातानं फिल्मच्या मधोमध ठेवलंस.

मला वाटलं, आता कुणीतरी पुढचं विचारेल. पण त्याआधीच तुझे काका उठले, माईक घेतला, डोळे भरून आणले आणि म्हणाले, "काय सांगू अक्का, हिच्याबिगर मले घास उतरस नही." मागच्या रांगांतले पुरुष आधी हसले, मग टाळ्या. मग सगळ्यांच्या टाळ्या. शाल आली, नारळ आला. माझ्या खांद्यावर शाल टाकणाऱ्या बाई म्हणाल्या, "भाग्यवान आहात."

अक्कांनी टाळ्या वाजवल्या नाहीत. निघताना माझ्याकडे नीट बघितलं. परतीच्या बसमध्ये तुझे काका म्हणाले, "अक्काले आते काही समजत नही, म्हतारी व्हयी गयी." आणि माझा हात धरून झोपले. मी हात काढून घेतला असता तर ते जागे झाले असते, म्हणून दोंडाईचापर्यंत तसाच ठेवला.

मला काही सुचत नाही गं. तू तीस तारखेला येणार, ते जोडीचं नाटक होणार. मायला मी फोनवर खोटं सांगितलं, की चार दिवस राहायला येते. स्पीकरवर सांगितलं. ते हसले.

काकू

०

मळ्यातलं घर, दोंडाईचा
२७ एप्रिल, घाईत

कामिनी,

तू येऊ नकोस. हात जोडते, कॅमेरा आणू नकोस. काकांनी फोन केला तरी गाडी पंक्चर झाली, ताप आला, काय वाट्टेल ते सांग. कॅमेरा दिसला की ते जेवणारच नाहीत, हे तुला समजत कसं नाही?

झालं असं. आज सकाळी अक्का आल्या. आखाजीच्या तीन दिवस आधी, न कळवता, हातात पिशवी आणि पाठीमागे रिक्षावाल्याच्या डोक्यावर त्यांचं स्वतःचं खापर. अंगणात उभ्या राहून त्यांनी पदर खोचला आणि तुझ्या काकांना म्हणाल्या, "मोतीलाल, यंदा मी रांधसू. रत्ना तिना मायकडे जाई."

ते हसले. "अक्का, तू माहेरले आराम कराले येस. चुलीपुढे बसशी?"

"बससू."

"पण मले..."

"घास उतरस नही ना? मी शे ना आठे. मी भरवसू."

मी ओट्यावर गहू पाखडायचं सूप घेऊन उभी. अक्कांशी मी कधी दोन शब्द धड बोलले नाही, गं. त्यांचा झोका बांधायचा, त्यांना वाढायचं, त्यांनी काढलेली खोट ऐकायची. दरसाल पुरण जाड झालं म्हणतात. आणि आज आत आल्या, परत चुलीशी जाऊन बसलेल्या मला दंडाला धरून उठवलं आणि म्हणाल्या, "इतकी वर्षं मी येत गेली, तुन्ही पोळी खात गेली, आणि तुन्ही कोन वाट देखस ते मी इचारं नही. तोंड काय देखस? पेटी भर."

तुझे काका आता बाहेर बाजेवर आहेत. दुपारी जेवले नाहीत. अक्कांनी वाढलेलं ताट तसंच आहे. शेजारी कळवून झालंय, दोन म्हातारे येऊन बसलेत, 'मोतीभाऊ, घ्या घास' चाललंय. सगळं नेहमीसारखं. प्रत्येक वेळी इथपर्यंतच येते मी. पेटी भरते, आणि मग ते ताट दिसतं.

अक्का म्हणतात, परवा सकाळची पॅसेंजर. त्या स्वतः स्टेशनवर सोडणार. मुऱ्हाळी म्हणून न्यायला माहेरचं कुणी यायला हवं ते नाही आलं, तर म्हणाल्या, मी सासरची मुऱ्हाळी. असं कुठे असतं का, हसायलाच आलं मला.

जाईन की नाही ठाऊक नाही. प्रमिलाबाई उभ्या आहेत, देते.

काकू

०

धरणगाव
१ मे

कामिनी,

पत्ता बघितलास ना? परत बघ.

गाडीत बसेपर्यंत माझा विश्वास नव्हता. काका स्टेशनपर्यंत मागून आले. दोन दिवस पोटात अन्न नाही, असं चालत होते की बघणाऱ्याला रडू यावं. फलाटावर बाकड्यावर बसले. गाडी आली. मी पायरीवर पाय ठेवला आणि मागे बघितलं. ते पोटावर हात धरून बसलेले. मी उतरणार होते, कामिनी. तुला खोटं सांगत नाही, एक पाय खाली आला होता. अक्कांनी माझी पेटी आत ढकलली आणि माझ्या पाठीत असा धपाटा घातला, की मी पेटीच्या मागोमाग आत. "आते मागे देखशी तर मी तुले जन्ममा बोलाव नही," म्हणाल्या. गाडी सुटली. नरडाण्यापर्यंत मी दाराशीच उभी होते, वाटत होतं मोठं पाप करतेय, एका माणसाला उपाशी मारतेय.

धरणगावला घरी पोचले तेव्हा माय अंगणात खुर्चीवर होती. झोका बांधलेला. फांदीपर्यंत हात पोचत नाही म्हणून तिनं गल्लीतल्या पोरींकडून बांधून घेतला होता, आणि त्या पोरींनी आपल्या मापानं बांधला, त्यामुळे माझे पाय जमिनीला घासतात. माय आवाजावरून उठली. "उनी वं माय?" म्हणाली. मग माझ्या मागे हात चाचपडून बघितलं. "जावई?" मी म्हटलं, नाहीत. एकटीच. तिनं परत माझ्या मागे हात फिरवला. खात्री करून घेत होती गं. मग माझ्या गळ्यात पडली.

तरी आखाजीच्या दिवशी माझ्या घशाखाली रस उतरत नव्हता. गंमत बघ. वाटी हातात आणि मनात बाजेवरचं ते ताट. दोन गल्ल्यांच्या पोरी गौराई नाचवत होत्या, जुन्या मैत्रिणी भेटल्या, कुणी लठ्ठ झाल्यात, कुणी ओळखूच आल्या नाहीत. सगळ्या मला फिल्मवाली म्हणतात. "मोतीभाऊंनी कसं सोडलं गं तुला?" मी हसत होते आणि शेजारच्या घरातल्या फोनकडे कान.

संध्याकाळी फोन आला. अक्कांचा. शेजारणीनं धावत आणून दिला. मी दम धरून विचारलं, "अक्का, कसे आहेत ते?"

तिकडून आधी नुसतं हसू. मग म्हणाल्या, "जेवना वं, जेवना."

जेवले म्हणे! मग सगळं सांगितलं. आखाजीचं ताट वाढलं. पोळी, रस, कटाची आमटी, वांग्याची भाजी. काकांनी नेहमीप्रमाणे तोंड फिरवलं. अक्कांनी समोर पाट मांडला, स्वतःचं ताट घेतलं आणि हात मांडीवर ठेवून बसल्या. "तू जेवशी तवय मी जेवसू. नही तं आखाजीले माहेरमा उपाशी राहिनी म्हनीसन सांगसू बठ्ठा गावले, आणि येशीवर जाईसन बससू." सगळ्या गावासमोर बहीण उपाशी गेली तर याच्या दारात कोण उभं राहील, कामिनी? पोस्टरवर कोण हार घालील? बसले काही वेळ. बाहेरचे म्हातारे आत येऊन आता त्यालाच म्हणायला लागले, "अरे मोत्या, बहिनले उपाशी ठेवस का?" मग उचलला एक घास.

"पहिला घास घेवालेच वेळ लागना," अक्का म्हणाल्या. "मंग काय! दोन दाव भाजी मांगी लिधी. रस बठ्ठा संपाडी टाका. आते बाजवर घोरी राहिना."

मी फोन ठेवला. झोक्यावर जाऊन बसले. हसायला लागले, माय म्हणाली काय झालं, मी सांगितलं, तीही हसायला लागली. मग माझं हसू कधी रडण्यात गेलं कळलंच नाही. वाईट वाटलं म्हणून नाही गं. संताप आला, असा की निंब उपटून टाकावा. माझ्या वडिलांचं दहावं. कितीतरी आखाज्या. हेमराजच्या पोरीचं बारसं. मायच्या डोळ्याचं ऑपरेशन, तेव्हा शेजारीण गेली तिच्याबरोबर, मी नाही. आणि हा माणूस वांग्याची भाजी दोनदा मागून घेतो.

आज सकाळी त्यांचा फोन आला होता, शेजारणीच्याच फोनवर. स्पीकर मी लावला या वेळी. माय ऐकत होती, गल्ली ऐकत होती. आवाज एकदम मऊ. "कवय येशी? तुनाबिगर..."

मी म्हटलं, "भाजी चांगली होती ना?"

फोन बंद झाला. गल्लीतल्या बायका इतक्या हसल्या की मायला ठसका लागला.

कधी जाईन ते अजून ठरवलेलं नाही. अक्का म्हणतात, आंबे संपेपर्यंत मी आहे इथे, तू घाई करू नकोस. वर्षातला त्यांचा एकच सण, तो त्यांनी चुलीपुढं घातला. त्यांच्यासाठी इथून सांजोऱ्या पाठवतेय. पुढच्या साली त्यांचा झोका मी दोन दिवस आधी बांधीन, आणि मग इकडे येईन. एवढं मात्र ठरलंय. मायचा दुसरा डोळाही दाखवायचाय जळगावला. दोर मात्र आज मीच आखडून घेतला, आता घासत नाहीत. पाय वर घेते.

तू कॅमेरा घेऊन आली नाहीस, बरं केलंस. मागच्या चिठ्ठीत तू विचारलं होतंस, फिल्मचं काय करू, लोकांना दाखवणं थांबवू का. थांबवू नकोस. गोठ्यातलं माझं बोलणंही परत घालू नकोस, झोक्याची जागाही काढू नकोस, पोस्टरवरचं त्यांचं वाक्यही राहू दे तसंच, मोठ्या अक्षरात. फक्त अगदी शेवटी, सगळी नावं येऊन गेली, दिवे लागायच्या आधी, काळ्या पडद्यावर एक ओळ लिही. माझ्या नावानं लिही, रत्ना मोतीलाल नाही, रत्ना भागाबाईची, धरणगाव.

लिही, "तो जेवला."

आशीर्वाद घे आता.

रत्नाकाकू